आधी सातबारा, मग बाजार



गेल्या दोन-तीन वर्षांत आपल्या पाड्यांवर एक नवीन भाषा ऐकू येते. तालुक्याच्या मेळाव्यात साहेब लोक बोलतात, रेडिओवर शेतीच्या कार्यक्रमात बोलतात, मोटारसायकलवरून येणारे एजंटही तेच बोलतात. पोटापुरती शेती सोडा, बाजारासाठी शेती करा. नागली-वरईत काय ठेवलंय? आंबा लावा, काजू लावा, साग लावा. १९९१ साली सरकारने नवीन आर्थिक धोरण आणलं, आता सगळं खुलं झालं, तुम्हीच कशाला मागे राहता?

आम्ही संघटनेतली तरुण पोरं-पोरी. आमच्यातले काही बारावीपर्यंत शिकलेले, काही सातवीत शाळा सुटलेले. या प्रश्नावर आमच्यात बरीच वादावादी झाली. काही जण म्हणाले, पैसा येत असेल तर का नको? वीटभट्टीवर जगायला जाण्यापेक्षा बरं. काही म्हणाले, बाजार म्हणजे फसवणूकच, त्याच्या वाटेला जायलाच नको. शिबिरात यावर दोन दिवस बसलो, जुन्या लोकांना विचारलं, कायद्याची माहिती घेतली. त्यातून जे मत झालं ते इथे मांडतो. तुम्हाला पटतं का बघा, नाही पटलं तर सभेत उठून बोला.

आमचं मत असं. बाजाराला आमचा विरोध नाही. पण जमीन नावावर नाही, कणगीत धान्य नाही, अशा अवस्थेत जो आदिवासी बाजारात जातो तो विकायला जात नाही, तो विकला जातो. बोकडसुद्धा आठवड्याच्या बाजाराला जातोच की! म्हणून आधी काय आणि मागून काय, हा क्रम आपण ठरवला पाहिजे. तो एजंटाने ठरवायचा नाही आणि मुंबईतल्या साहेबानेही नाही.

बाजार आपल्याला नवा नाही

साहेब लोक बोलतात तेव्हा असं वाटतं की आदिवासीला बाजार माहीतच नाही. खरं काय? मीठ, कापड, गूळ, मिरची यासाठी आपले आजे-पणजे डोक्यावर भारे घेऊन बाजारालाच जात होते. मोह, डिंक, गवत, खुरासणी, उडीद हे सगळं बाजारातच गेलं. मग त्यातून आपण श्रीमंत का नाही झालो?

कारण आपण कधी विकतो ते बघा. पीक खळ्यावर आलं की लगेच विकतो. त्या वेळी भाव पडलेला असतो. पण शेठची उधारी डोक्यावर असते, ती थांबत नाही. तेच धान्य आपण आषाढात परत आणायला जातो, तेव्हा दिढी-दुपटीने आणतो. आणि पालेमोड तर ठाऊकच आहे. पीक शेतात उभं असतानाच भाव ठरतो, पावसाळ्यात उचललेल्या चार पायल्यांसाठी दिवाळीला पोतं जातं. भाव कळत नाही म्हणून आदिवासी बुडालेला नाही. थांबायची ताकद नाही म्हणून तो बुडाला. बाजारात जो थांबू शकतो त्याचाच भाव चालतो.

हे सरकारलाही एकेकाळी मान्य होतं. म्हणून तर १९७२ साली आदिवासी विकास महामंडळ निघालं आणि १९७६ साली कायदा करून एकाधिकार खरेदी सुरू झाली. व्यापाऱ्याने आदिवासीचा माल परस्पर घ्यायचा नाही, महामंडळाने ठरलेल्या भावाने घ्यायचा. पावसाळ्यासाठी खावटी कर्ज द्यायचं. कायदा चांगला. चालवला कसा, ते तुम्ही भोगलंय. केंद्रावर बारदान नाही, वजनाला माणूस नाही, पैसे पंधरा दिवसांनी. मग माणूस डोक्यावरचं पोतं घेऊन परत कसा जाणार? शेजारीच व्यापारी रोख नोटा घेऊन उभा असतो.

आता या दुखण्यावर औषध काय? आम्ही म्हणतो, केंद्र नीट चालवा. नवीन धोरणवाले म्हणतात, सरकारने खरेदी-विक्रीतून अंगच काढून घ्यावं. छपराला गळती लागली तर छप्पर शाकारतात, कोणी घरच मोडत नाही.

नवीन धोरणातलं आपल्यापर्यंत काय पोचलं

सुधारणा सुधारणा म्हणतात, त्यातलं आपल्या उंबऱ्यापर्यंत काय आलं ते मोजू.

खत. ऑगस्ट १९९२ मध्ये सरकारने स्फुरद आणि पालाश खतांच्या किमतीवरचं नियंत्रण उठवलं. युरियाचा भाव सरकारच्या हातात राहिला, बाकीची खतं महागली. ज्यांना आधी सांगितलं होतं की गावठी बियाणं सोडा, जया-रत्ना लावा, खत घाला, त्यांनाच आता खत परवडत नाही. गावठी बियाणं तर केव्हाच खाऊन संपलं.

रेशन. १९९२ सालीच जव्हार तालुक्यात वावर-वांगणीला कुपोषणाने पोरं गेली. त्या वेळी मंत्री आले, पेपरवाले आले. त्याच वर्षी सरकारने आदिवासी आणि डोंगरी तालुक्यांसाठी रेशनची खास योजना आणली, कुटुंबाला महिन्याला २० किलोपर्यंत धान्य. जून १९९७ पासून नवीन पद्धत आली. त्या वेळी दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबाला १० किलो ठरलं. घरात सहा माणसं असली तर दहा किलो तांदूळ किती दिवस पुरतो? आमच्या बायांनी हिशोब केला, चार दिवस. महिन्याचे उरलेले सव्वीस दिवस बाजारातून घ्या, असा त्याचा अर्थ होता.

तेल. १९९४-९५ पासून परदेशातून खायचं तेल आणायला मोकळीक मिळाली. वाण्याच्या दुकानात पामतेल आलं. खुरासणी पेरणाऱ्याने याचा विचार करायला नको का?

जमीन. १९९४ साली कुळकायद्यात बदल झाला. उद्योगासाठी राखलेल्या पट्ट्यात शेतकरी नसलेल्या माणसालाही शेतजमीन घेणं सोपं करून दिलं. ज्या कायद्याने कुळाला मालक केलं, त्याच कायद्यात विकत घेणाऱ्यासाठी दार पाडलं.

आणि १ जानेवारी १९९५ पासून आपला देश जागतिक व्यापार संघटनेत आहे. म्हणजे आपला उडीद आणि परदेशातल्या हजार एकरवाल्याचा माल यांची गाठ एकाच बाजारात पडणार. त्याच्यामागे त्याचं सरकार अनुदान घेऊन उभं आहे. आपल्यामागे कोण उभं आहे?

ज्याचं नाव नाही त्याला सुधारणा नाही

आता मूळ मुद्दा. सुधारणेची जी काही चांगली योजना असते ती सातबाऱ्याच्या दारातून आत येते. रोजगार हमीशी जोडलेली फळबाग योजना १९९० पासून चालू आहे. खड्डे खणायची मजुरी मिळते, कलमं मिळतात. पण अर्जाला काय जोडायचं? सातबारा. सोसायटीचं पीककर्ज पाहिजे? सातबारा. विहीर पाहिजे, मोटारला वीज पाहिजे, पीक बुडाल्याची भरपाई पाहिजे, सगळीकडे सातबारा.

आणि आपल्यातल्या किती जणांचं पोट फॉरेस्टच्या प्लॉटवर चालतं? एकसाली प्लॉट म्हणून बापाला दिला, नंतर नूतनीकरण केलं नाही, आणि आता पोराला अतिक्रमणदार म्हणतात. त्याच जागेवर तीन पिढ्या राब भाजला, आवणी केली, दंड भरला. सरकारने २७ डिसेंबर १९७८ ला निर्णय काढला की ३१ मार्च १९७८ पर्यंतची वनजमिनीवरची शेती कायम करायची. पुढे १९८० साली वनसंवर्धन कायदा आला आणि दिल्लीची परवानगी हवी म्हणून सगळं अडकलं. १९९५ साली सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्रातल्या या दाव्यांची चौकशी करायला सांगितलं, फक्त सरकारी दप्तर न बघता लोकांकडचा दुसरा पुरावाही बघायला सांगितलं. तरी पण आज किती जणांच्या हातात कागद आला?

म्हणजे बघा, बाजारासाठी शेती करा असं ज्याला सांगतात, त्याच्या शेतीलाच सरकार शेती मानत नाही. त्याने आंबा लावला तर गार्ड येऊन उपटून टाकील. त्याला कर्ज लागलं तर बँक उभी करणार नाही, सावकारच करील. अशा माणसाला बाजार म्हणजे फक्त दोन गोष्टी विकायच्या: एक अंगमेहनत आणि दुसरी जंगलातली लाकूडमोळी. तेच आपण आजही करतोय.

चीनमधले अठरा अंगठे

जगात दुसरीकडे काय झालं ते शिबिरात ऐकलं. दोन देशांची गोष्ट सांगतो, कारण दोघांनी एकमेकांच्या उलट केलं.

चीनमध्ये आधी सगळी शेती सामुदायिक होती. गावाने एकत्र कसायचं, धान्य सरकारला द्यायचं, कामाप्रमाणे वाटा घ्यायचा. आन्हुई नावाच्या प्रांतात श्याओगांग हे गाव फार गरीब. १९६० च्या सुमारास मोठा दुष्काळ पडला त्यात माणसं मेली होती, नंतरही लोक भीक मागायला बाहेर जात. १९७८ च्या डिसेंबरमध्ये तिथले अठरा शेतकरी रात्री गुपचूप जमले. त्यांनी गावची जमीन घरटी कसायला वाटून घेतली. सरकारचं धान्य देऊ, उरलेलं आपलं. एका कागदावर अंगठे उमटवले. हा गुन्हा होता. म्हणून कागदात असंही लिहिलं की पुढाऱ्यांना तुरुंगात टाकलं तर त्यांची पोरं अठरा वर्षांची होईपर्यंत बाकीचे सांभाळतील.

पुढच्या हंगामात धान्य कितीतरी पटीने जास्त पिकलं. सरकारने त्यांना तुरुंगात टाकलं नाही, उलट हळूहळू सगळ्या देशात हीच पद्धत लागू केली. १९७९ साली सरकारने धान्याचा खरेदीभावही चांगला वाढवला. पण एक गोष्ट लक्षात घ्या. जमीन कसायचा हक्क घराला मिळाला, मालकी गावाचीच राहिली. ती विकता येत नव्हती, गहाण टाकता येत नव्हती. म्हणजे क्रम असा: आधी प्रत्येक घराच्या हातात जमीन, मग चांगला भाव, मग बाजार. आधी लोकांचं पोट भरलं, मग बाजारात माल गेला.

चीनमध्ये सगळं गोड आहे असं आम्ही म्हणत नाही. तिथेही अधिकारी शेतकऱ्यावर नाना प्रकारची पट्टी बसवत होते, त्यावरून लोक रस्त्यावर आले होते. पण क्रम शिकण्यासारखा आहे.

मेक्सिकोने उलटं केलं

मेक्सिको हा अमेरिकेच्या शेजारचा देश. तिथे आपल्यासारखे आदिवासी पुष्कळ. नागली आपल्याला जशी तसा मका त्यांना, मक्याची भाकर आणि मक्याचाच देव. १९१० साली तिथे क्रांती झाली. झापाटा नावाचा पुढारी जमिनीसाठी लढला आणि मारला गेला. त्या लढ्यातून १९१७ च्या घटनेत २७ वं कलम आलं. मोठ्या जमीनदारांच्या जमिनी काढून गावांना द्यायच्या. या गावजमिनीला तिथे एहिदो म्हणतात. कसायची घराने, पण विकायची नाही.

१९९२ साली तिथल्या सरकारने हे कलमच बदललं. आता नवीन जमीन वाटणार नाही, आणि वाटलेली जमीन विकता येईल, भाड्याने देता येईल, कंपनीबरोबर करार करता येईल. कारण काय दिलं? शेतीची सुधारणा, बाजार, गुंतवणूक. मग १ जानेवारी १९९४ ला अमेरिका आणि कॅनडाबरोबर खुल्या व्यापाराचा करार लागू झाला. अमेरिकेचा अनुदानावर पिकवलेला स्वस्त मका यायची वाट मोकळी झाली. डोंगरावर दोन एकरात मका करणारा त्याच्यापुढे कसा टिकणार? आणि टिकला नाही तर जमीन विकायची सोय आधीच करून ठेवलेली.

त्याच दिवशी, १ जानेवारी १९९४ ला, चियापास नावाच्या भागातले माया आदिवासी उठले. त्यांनी झापाटाचंच नाव घेतलं. त्यांना बाजार कळत नव्हता म्हणून ते उठले नाहीत. पुढे काय होणार ते त्यांना नीट कळलं होतं म्हणून उठले.

आपल्या पाड्यावर आलेला स्टँपपेपर

हे लांबचं झालं. आता जवळचं. ज्यांच्याकडे सातबारा आहे, त्या घरांकडे सध्या करारवाले फिरत आहेत. कोणी म्हणतो सागाची लागवड, कोणी म्हणतो आंब्याची बाग. जमीन तुमचीच राहील, आम्ही फक्त पंधरा-वीस वर्षं वापरू, तुम्हाला तिथेच मजुरी देऊ. हातात थोडे पैसे, एक स्टँपपेपर आणि अंगठा. आपल्याच जमिनीवर आपण मजूर. वीस वर्षांनी करणारा गेलेला असेल, पोराला बांध कुठे ते माहीत नसेल.

म्हणून कायदा माहीत करून घ्या. महसूल कायद्यातल्या ३६ आणि ३६ अ या कलमांप्रमाणे आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला परवानगीशिवाय देता येत नाही. पाच वर्षांपर्यंत भाड्याने किंवा गहाण द्यायची असली तरी आधी कलेक्टरची परवानगी लागते. त्याहून जास्त मुदत किंवा विक्री असेल तर सरकारची मंजुरी लागते. घरी येऊन स्टँपपेपरवर घेतलेल्या वीस वर्षांच्या अंगठ्याला कायद्यात जागा नाही. आणि १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात गेलेल्या आदिवासी जमिनी परत करायचा कायदाही आहे. हे कायदे आपल्याला फुकट मिळालेले नाहीत. वारली उठावापासून लोकांनी मार खाल्ला, तुरुंग भोगले, त्यातून मिळाले. आता कोणी सांगायला लागेल की या कायद्यांमुळे आदिवासीला कर्ज मिळत नाही, विकास अडतो, म्हणून ते सैल करा. त्याला मेक्सिकोची गोष्ट सांगा.

मग नागलीच खात बसायचं का?

आमचेच काही मित्र हा प्रश्न विचारतात आणि रागाने विचारतात. त्यांचा राग खरा आहे. शिकून घरी बसलेल्या पोराला नागलीची भाकर पुरणार नाही. त्याला कपडे पाहिजेत, एस.टी.चं भाडं पाहिजे, बहिणीच्या बाळंतपणाला दवाखान्याचे पैसे पाहिजेत. रोख पैसा लागतोच.

पण आमच्या बाया काय म्हणाल्या ते ऐका. त्या म्हणाल्या, काजू पोरांना खायला घालता येत नाही. बाजार पडला तर नागली घरात शिजवता येते, काजू फेकावा लागतो. आणि पैसा पुरुषाच्या हातात येतो, कणगी बाईच्या हातात असते. पैसा वाटेतल्या दुकानात संपतो, कणगी घरापर्यंत असते. हे बोलणं कोणाला लागलं असेल तर लागू द्या, खोटं नाही.

म्हणून आमचं म्हणणं: खाचरात भात आणि माळावर नागली-वरई ही घरची शेती आधी. वर्षाचं धान्य कणगीत गेलं की उरलेल्या वरकसावर, बांधावर आंबा लावा, काजू लावा, खुशाल लावा. राबाला पालापाचोळा देणारी झाडं तोडून मात्र लावू नका. आणि विकायचं ते एकेकट्याने नाही. पाड्याने मिळून, एका दिवशी, एका काट्यावर. एकटा माणूस शेठपुढे उभा राहिला की हात जोडतो, चाळीस घरं उभी राहिली की शेठ खुर्ची देतो.

आमच्या मागण्या आणि आपलं काम

सरकारकडे आमचं मागणं असं आहे.

१) वनजमिनीवरचे दावे ताबडतोब तपासा. दंडाच्या पावत्या, पंचनामे, गावातल्या म्हाताऱ्यांची साक्ष हा पुरावा धरा. नवराबायको दोघांच्या नावाने सातबारा द्या.

२) दावा चालू असेल तोपर्यंत कोणाचंही पीक उपटायचं नाही, आणि अशा जमिनीवर रोजगार हमीतून बांधबंदिस्ती, सपाटीकरण करा.

३) एकाधिकार खरेदी बंद करू नका, नीट चालवा. वजन झालं की त्याच दिवशी रोख पैसे. खावटी कर्ज पाऊस पडायच्या आधी.

४) रेशन वाढवा आणि त्यात नागलीही द्या, ती इथल्याच शेतकऱ्याकडून विकत घेऊन.

५) ३६ आणि ३६ अ कलमाला हात लावू नका.

६) वैतरणेचं पाणी मुंबईला जातं आणि एप्रिलमध्ये आमच्या विहिरी आटतात. बाजाराची शेती सांगता, तर आधी शेताला पाणी द्या.

आणि आपण स्वतः करायचं काम. २४ डिसेंबर १९९६ ला पंचायतीचा नवीन कायदा अनुसूचित क्षेत्रासाठी आला. आपली जमीन बाहेर जाऊ न देण्याचा अधिकार ग्रामसभेला द्यायचा, असं त्यात लिहिलं आहे. तो अधिकार कागदावरच ठेवायचा की वापरायचा, हे आपल्यावर आहे. १ मे च्या ग्रामसभेत प्रत्येक गावाने ठराव करावा: ग्रामसभेपुढे वाचल्याशिवाय जमिनीच्या कुठल्याही कागदावर कोणी सही-अंगठा करणार नाही. ज्यांनी आधीच केला आहे त्यांना कोणी नावं ठेवू नका. गरजेपोटी केला असेल. त्यांचे कागद संघटनेकडे आणा, त्यांच्या बाजूने आपण उभे राहू.

घरोघरी जुने कागद शोधा. पत्र्याच्या पेटीत, आढ्याला खोचलेल्या पिशवीत, आजाच्या बंडीच्या खिशात दंडाची पावती असेल. वाळवी लागायच्या आत ती बाहेर काढा आणि झेरॉक्स करून घ्या. उद्या चौकशी आली तर तोच आपला सातबारा आहे.

चीनमधल्या त्या गावात अठरा जणांनी अंगठे दिले ते जमीन मिळवायला. आपल्याकडे अंगठा मागतात तो जमीन घालवायला. आपला अंगठा कशासाठी उठेल ते ग्रामसभेत बसून ठरवू.

जिंदाबाद!